चेहरा गेलेले सर राल्फ

मित्रांनो, भिसेगावच्या एका दोन खोल्यांच्या घरात, कपाटाशेजारी भिंतीकडे तोंड करून ठेवलेली जुनी रंगीत तसबीर म्हणजे मी. माझ्यात सर राल्फ ऑल्डन नावाचे इंग्रज जमीनदार आहेत. त्यांची तलवार दिसते, लगाम धरलेला हात दिसतो. चेहरा मात्र आता दिसत नाही.

माझा जन्म विलायतेतला. आगबोटीने आले, आणि माथेरानला मोटार जात नसल्याने हमालाच्या डोक्यावरून बंगल्यात पोचले. तिथे जानकीबाई रोज माझी धूळ पुसायची. बंगल्याच्या बाईसाहेब तिला सर राल्फची हकिगत सांगायच्या, आणि मीही ती ऐकायची.

सर राल्फकडे नजर पोचणार नाही एवढी कुरणं होती. ते पार्लमेंटात बसत. जवळजवळ चारशे वर्षांपूर्वी राजा पार्लमेंटला न विचारता कर घेऊ लागला, तेव्हा ते उभे राहून म्हणाले, हे चालणार नाही. पुढे राजा आणि पार्लमेंट यांच्यात युद्धच पेटलं. पन्नाशीच्या या माणसाने कधी तलवार उपसली नव्हती. तरी आपल्या चाळीस कुळांना स्वतःचे घोडे देऊन ते पार्लमेंटच्या बाजूने लढायला निघाले. पहिल्याच लढाईत एकोणतीस जण पडले. सर राल्फनी प्रत्येकाचं नाव आपल्या बायबलच्या कोऱ्या पानावर लिहिलं. ती माणसं त्यांच्या शब्दावर आली होती. दुसऱ्या लढाईत तेही गेले.

बाईसाहेब वारल्या त्या वर्षी बंगला बंद राहणार होता. जानकीबाईचा नवरा दामू तिथला राखणदार. पावसाआधी भिंतींना झड अडवायला झडपा बांधतात तसं त्याने मला निळ्या प्लास्टिकमध्ये घट्ट गुंडाळलं.

"आता थेंब लागायचा नाय," तो म्हणाला.

थेंब लागला नाही. पण आतली ओल आतच कोंडली. दसऱ्याला सुतळी सोडली, तेव्हा बुरशीने चेहरा खाल्ला होता आणि नावाची पितळी पट्टी गळून पडली होती; तीही पुढे हरवली. दामू कितीतरी वेळ माझ्यासमोर बसून राहिला. नवे मालक म्हणाले, फेकून दे. तो मला डोक्यावर घेऊन डोंगर उतरला आणि इथे भिसेगावला घरी आला.

आता दामूही नाही. माझं नाव फक्त जानकीबाईला ठाऊक होतं. तिची आठवण विरत चालली होती, आणि मी भिंत बघत होते.

परवा भंगारवाला दाराशी आला. सून जागृतीने मला ओढून बाहेर काढलं.

"आई, हा बिनतोंडाचा पाव्हणा किती वर्षं सांभाळायचा?"

"पाव्हणा नाय गं, सर राल्फ हाय तो."

"कोण सर? आपल्या पोराच्या शाळेतले?"

"बस गं इथं, सांगते."

जानकीबाईने सगळं सांगितलं. आडनावाशी येऊन मात्र ती थांबली. ओठ हलत राहिले. भंगारवाल्याने दोनदा हाक मारली. तिला आठवलं नाही तर मी नुसती लाकडी चौकट उरणार होते.

"ऑल्डन," ती म्हणाली. "ऑल्डन गं."

जागृती हळूच म्हणाली, "आणि त्या एकोणतीस जणांची नावं?"

"ती बाईसाहेबांनाबी ठाऊक नव्हती गं."

जागृतीने भंगारवाल्याला परत पाठवलं. खडूसारखं जाड पेन आणून माझ्या पाठीवर लिहिलं: 'सर राल्फ ऑल्डन. माथेरानहून दामूने डोक्यावरून आणले.'

मित्रांनो, तुमच्या घरीही जुने फोटो असतील. ओळखणारं माणूस जवळ आहे तोवर त्याला विचारा आणि मागे नाव लिहून ठेवा. पुसणं, जपणं त्यानंतर.

मी अजूनही भिंतीकडेच तोंड करून आहे. पण आता येणारे-जाणारे माझी पाठ वाचतात.