नऊ खेळ, एक लाइन

"फोन म्हणतोय, जागा नाही," असं म्हणत झुराकानने झारा कढईतच सोडला आणि फोन सोनुनबूच्या नाकासमोर धरला.

सोनुनबू बोरसोकसाठी, कार्याला तळायच्या छोट्या पुऱ्यांसाठी, कणकेचे तुकडे कापत होती. ती शेजारीण, झुराकानला एजे, म्हणजे थोरली ताई, म्हणायची. बोलायला फटकळ, पण कोणाच्याही घरी कार्य असलं की उजाडताच बाह्या सरसावून हजर. तिने फोनकडे एकदा बघितलं. "जागा नाही म्हणजे काय, एजे? कोणी मुक्कामाला येणार आहे का त्यात?"

"अगं, व्हिडिओचं उघडतच नाहीये. म्हणतोय, आधी नवीन उतरवून घ्या. घ्यायला गेलं तर म्हणतोय, जागा नाही. एक वाजता नुरजातने फोन लावला की ती बघणार काय?"

तिच्या तोंडचं पाणी पळालं होतं, आणि ते साहजिक होतं. आज तिच्या नातीच्या, अयबीकेच्या पायातली दोरी कापायची होती. कोचकोर गावात मूल पाऊल टाकायला लागलं की त्याच्या घोट्यांना काळ्या-पांढऱ्या लोकरीची दोरी बांधतात, गल्लीतली पोरं लांबून पळत येतात आणि जे पहिलं येईल ते दोरी कापून मुलाला चालतं करतं. ही दोरी अयबीकेच्या आईने, नुरजातने, स्वतः पिळलेली होती. चार महिन्यांची लेक आईच्या ओटीत घालून ती मॉस्कोला बिस्किटांच्या कारखान्यात कामाला गेली, त्याच्या आदल्या दिवशी दारात बसून तिने ती पिळली आणि उशीच्या अभ्र्यात ठेवून दिली. कारखान्यात फोन आत नेता येत नाही, कपड्यांच्या कपाटात ठेवावा लागतो. मधली सुट्टी बारा मिनिटांची. इथल्या घड्याळात एक ते एक बारा. त्या बारा मिनिटांत पोरीचं पहिलं चालणं बघायचं, असं मायलेकींचं महिनाभर आधी ठरलं होतं. आणि आता दहा वाजून गेले होते.

फोनही नुरजातनेच पाठवलेला, बसच्या ड्रायव्हरबरोबर. दिसायला देखणा, पण डबा उघडल्या दिवसापासून त्यात नऊ खेळ ठाण मांडून बसलेले. कोणी मागितले नव्हते, कोणी घातले नव्हते, फोनच्या कारखान्यातूनच आत बसून आले होते. पहाटे गाय पिळायला बसावं तर खिशातून एखादा खेळ टुणकन वाजायचा, "तुमच्या शेतात भोपळे पिकले आहेत!" खऱ्या गायीने त्या आवाजाला दोनदा बादली लवंडली होती. तेव्हा झुराकान फोन घेऊन बाजारात फोन दुरुस्त करणाऱ्या मायरामबेककडे गेली होती. त्याने दाखवलं, खेळाच्या चित्रावर बोट दाबून धरायचं, की खाली 'काढून टाका' असं येतं. काही खेळ मात्र कंपनीने खिळे ठोकून बसवलेले असतात, ते निघत नाहीत, त्यांना फक्त 'बंद करा' येतं. "त्यांच्या वाटेला जाऊ नका," तो म्हणाला होता. "एखाद्या वेळेस अख्खा फोन झोपतो." आज त्यालाच बोलवायला हवं होतं, पण तो बालिक्चीला मेहुण्याच्या लग्नाला गेलेला.

"तुझ्याकडे फोटो असतील ना, ते काढ की," सोनुनबूने सुचवलं.

त्रेचाळीस फोटो होते आणि सगळे अयबीकेचे. पहिला दात, पहिली टोपी, गायीच्या वासराला मिठी. झुराकानने फोन छातीशी धरला आणि सोनुनबूकडे असं बघितलं की ती पुन्हा कणकेकडे वळली.

मग झुराकान उंबऱ्यात बसली, चष्मा चढवला आणि पहिल्या खेळाच्या चित्रावर बोट ठेवलं. पण दाबून धरण्याऐवजी तिने तो उघडला. फोनमधून फळं फुटायला लागली, ढोलकी वाजायला लागली.

"आता काय खेळत बसणार आहेस?" सोनुनबू ओरडली.

"आत कोणी आहे का बघते."

हे ऐकून दुसऱ्या कोणी कपाळावर हात मारला असता. सोनुनबूनेही मारलाच, पण तिला अडवलं नाही. कारण झुराकानने उमेदीची सव्वीस वर्षं कोचकोरच्या टेलिफोन एक्स्चेंजमध्ये काढली होती. कानाला यंत्र, समोर भोकांची फळी, हातात दोऱ्या. कोणाचा मुलगा झाला, कोणाचा बाप गेला, कोणाची सोयरीक मोडली, सगळं तिच्या बोटांमधून गेलं. पहिल्या वर्षांत ती नियमाने चालायची. तीन मिनिटं झाली की दोरी ओढली, लाइन मोकळी. शहाऐंशी साली वरच्या गावची बातमा सैन्यातल्या मुलाशी बोलत होती. सरहद्दीपाशी होता तो. तीन मिनिटं झाली आणि झुराकानने दोरी ओढली. बातमा भांडली नाही. बाहेरच्या बाकावर बसून राहिली आणि जाताना एवढंच म्हणाली, "काहीतरी सांगत होता गं." तो मुलगा परत आला नाही. तो काय सांगत होता ते कोणालाच कळलं नाही. त्या दिवसापासून झुराकानने "बोलणं झालं का?" असं विचारल्याशिवाय एकही लाइन तोडली नाही. त्यापायी साहेबाकडून तीनदा ठपका आला, एकदा पगारवाढ गेली. पुढे एक्स्चेंजच बंद झालं, फळी कोणीतरी भंगारात नेली, पण सवय काही गेली नाही.

तर फळांच्या खेळात कोणी नव्हतं. झुराकानने दाबून धरलं, 'काढून टाका' आलं, तिने टाकला. चित्र फस्सकन नाहीसं झालं आणि तिला एकदम हुरूप आला. मग हिरेमाणकं गेली. मोटारी गेल्या. भोपळ्यांचं शेत गेलं, तेव्हा तिने मनातल्या मनात गायीला सांगून टाकलं. प्रत्येक वेळी ती आधी उघडायची, कान द्यायची, मग काढायची. सहावा गेला तोवर साडेअकरा झाले होते, अंगणात गालिचे पडले होते आणि पोरं कुंपणावर चढून शर्यत कधी, शर्यत कधी करत होती.

सातव्यात मात्र माणूस निघाला.

तो नर्दचा खेळ होता, फासे टाकून सोंगट्या हलवायचा. उघडल्याबरोबर पट मांडला गेला आणि पलीकडे एक मिशीवाला चेहरा आला. खाली नाव, अर्स्लान, ताश्कंद. तो हात हलवून म्हणत होता, "तुमची पाळी."

"बघ," झुराकान म्हणाली. "आहे कोणीतरी."

"तो माणूस नाही, एजे, यंत्र आहे ते. माझा जावई रोज त्याला शिव्या घालतो."

"आणि असला माणूस तर? ताश्कंदहून ताटकळत बसलाय बिचारा."

सोनुनबूने पोळपाट आपटला, पण झुराकान हटली नाही. लाइनवरच्या माणसाला तोंडावर दार लावून जायचं नाही, मग तो ताश्कंदचा का असेना. तिने ठरवलं की पटकन हरायचं, म्हणजे त्याचं बोलणं संपेल आणि सुटका होईल. ती मुद्दाम वेड्यासारख्या सोंगट्या हलवायला लागली. पण अर्स्लान तिच्याहून वेडा निघाला. दोघं हरायच्या चढाओढीत अर्धा तास अडकली आणि शेवटी झुराकान जिंकली. पडद्यावर फटाके उडाले. निरोपाला लिहायची सोय नव्हती, नुसते चेहरे पाठवता येत होते, म्हणून तिने एक हसरा आणि एक चहाचा पेला पाठवला. त्याच्याकडून ताबडतोब हसरा चेहरा आला.

"माणूसच आहे," झुराकान समाधानाने म्हणाली आणि खेळ काढून टाकला.

सव्वाबारा झाले होते. तिने पुन्हा व्हिडिओचं उतरवून बघितलं. पडद्यावरचा गोल फिरला, फिरला, आणि परत तेच. जागा नाही. अजून थोडीच हवी होती.

उरले होते दोन, खिळे ठोकलेले. तिकडे अंगणात थोरले दीर घसा खाकरायला लागले होते. पाहुणे आलेत, मांस शिजलंय, पोरं भुकेली आहेत, आता दोरी कापून मोकळं व्हा, असा त्यांचा निरोप दोनदा आत येऊन गेला. झुराकानने सोनुनबूला सांगितलं की काहीही कर, एक वाजेपर्यंत त्यांना हलू देऊ नको. सोनुनबू किटली घेऊन निघाली ती एखादा गड लढवायला निघाल्यासारखी. दिरांचा पेला रिकामा दिसला की ती भरायची, आणि वर त्यांच्या तरुणपणच्या घोड्याची चौकशी करायची. त्या घोड्याची गोष्ट पाऊण तासाच्या आत कधीच संपत नाही, हे साऱ्या कोचकोरला माहीत होतं.

झुराकानने आठव्या खेळावर बोट दाबून धरलं. 'बंद करा.' तिने दाबलं तर एक लांबलचक सूचना आली. हे बंद केल्यास फोनमधल्या इतर गोष्टी नीट चालणार नाहीत.

तिचं बोट हवेत थांबलं. फोन झोपला तर व्हिडिओ नाही, साधा आवाज नाही, त्रेचाळीस फोटोही नाहीत. नुरजात कपाटाशी उभी राहून नंबर लावत राहील, आणि बारा मिनिटं जातील. दाबलं नाही तरी तेच होणार होतं. पण सव्वीस वर्षांत फळीवर अशा किती तरी पाट्या तिने वाचल्या होत्या, हात लावू नये, साहेबांना विचारावे. साहेब नेहमी जेवायला गेलेले असायचे. तिने खेळ उघडून कान दिला. आत फक्त एक मांजर नाचत होतं. "झालं का गं बाई तुझं?" तिने मांजरीला विचारलं आणि 'होय' दाबलं.

फोन झोपला नाही. नववाही बंद केला. तरी नाही झोपला. गोल फिरायला लागला, अर्ध्यावर आला, पाऊण झाला, आणि बारा वाजून बावन्न मिनिटांनी व्हिडिओचं चित्र ताजंतवानं होऊन समोर आलं. झुराकान अशी किंचाळली की कुंपणावरचा एक पोरगा खाली पडला.

एकच्या ठोक्याला फोन वाजला. पांढऱ्या टोपीतली नुरजात, मागे लोखंडी कपाटांची रांग, गालाला पीठ. आईला ती आपा म्हणायची.

"आपा, दिसतेयस! उशीर झाला नाही ना?"

"सगळे थांबलेत तुझ्यासाठी. काका त्यांच्या घोड्यावर बसलेत. चल."

मग जी धांदल उडाली ती विचारू नका. सोनुनबूने अयबीकेला अंगणाच्या मधोमध उभं केलं आणि घोट्यांना ती दोरी बांधली. दोरी बघताच फोनमधली नुरजात काचेच्या आणखी जवळ आली. पोरं गल्लीच्या टोकाला, कालव्याच्या पुलापाशी गेली. दिरांनी रुमाल खाली टाकला. धूळ उठली, कोंबड्या उडाल्या, बायका डोक्याचे रुमाल सावरत आरडाओरडा करायला लागल्या आणि नुरजात मॉस्कोतल्या कपाटांना ऐकू जाईल एवढ्याने "पळा, पळा" म्हणत होती. सोनुनबूची सात वर्षांची नात चपला फेकून सगळ्यांच्या पुढे आली, सुरी घेतली आणि एका झटक्यात दोरी कापली.

अयबीके जागची हलली नाही. सगळ्यांनी बोलावलं, बोरसोक दाखवले, टाळ्या वाजवल्या. ती ओठ काढून उभी. सात मिनिटं गेली होती.

"बोलाव तू," झुराकान फोनला म्हणाली आणि तो हातभर पुढे धरून मुलीसमोर वाकली.

"अयबीके," नुरजात म्हणाली. "ये माझ्या बाळा. इकडे ये."

मुलीने मान वर केली. आवाज ओळखीचा होता, रोज खिशातून येणारा. तिने एक पाऊल टाकलं. झुराकान एक पाऊल मागे सरली. मुलीने दुसरं टाकलं. झुराकान आणखी मागे. अशी ती म्हातारी वाकलेल्या कमरेने, फोन पुढे धरून, साऱ्या अंगणातून उलटी चालत गेली, चहाच्या तापलेल्या समोवारला धडकली, पाय भाजून घेतला, तरी थांबली नाही, आणि मागोमाग तिची नात हात पसरून आईच्या चेहऱ्यामागे चालत आली. अकरा पावलं. सोनुनबूने मोठ्याने मोजली. अकराव्या पावलाला मुलीने फोन दोन्ही हातांनी धरला आणि काचेला तोंड लावलं. नुरजात हसत होती आणि रडत होती, टोपी घसरली होती, ते तिला कळत नव्हतं.

तेवढ्यात तिकडे घंटा झाली.

"आपा, मला जायला हवं. आपा, एक सांगायचं होतं तुला..." मागून कोणीतरी तिच्या नावाने हाक मारली. नुरजातने मागे बघितलं, पुन्हा आईकडे बघितलं. "सुटल्यावर सांगते."

"मी नाही तोडत," झुराकान म्हणाली. "तूही तोडू नकोस."

नुरजातने मान हलवली. चित्र डुचमळलं, कपाटाचं दार लागल्याचा आवाज आला आणि पडदा काळा झाला. कोपऱ्यात मिनिटं मात्र पुढे सरकत होती. बारा, तेरा, चौदा.

पाहुणे जेवायला बसले. सोनुनबू ताटं वाढता वाढता आली आणि काळ्या पडद्याकडे बघून म्हणाली, "संपलं ना बोलणं, एजे? ठेव की आता, चार्जिंग जाईल."

"नाही झालं अजून," झुराकान म्हणाली.

तिने घरातून लांब वायर आणून फोनला लावली, खिडकीत समोवारच्या झाकणाला टेकवून तो उभा केला आणि काळा पडदा अंगणाच्या बाजूला वळवला. अंगणात अयबीके पडत होती आणि उठत होती. मग झुराकानने एप्रनला हात पुसले आणि ती पाहुण्यांना वाढायला गेली.