नळाजवळचं शेवाळ

गेल्या फेब्रुवारीत आम्ही राजारामपुरीतल्या घरापुढं पेव्हिंग ब्लॉक बसवून घेतले. एप्रिलमध्ये ते बसवणारे लालासाब वरून पाणी मुरू न देणारा सीलर लावायला आले, तेव्हा मीच त्यांना परत पाठवलं. नव्या ब्लॉकमधून वर्षभर पांढरा क्षार वर येतो. आधीच सीलर लावला तर क्षार खाली अडकतो आणि डाग राहतात, असं मी त्यांना सांगितलं. शाळेत तीस वर्षं रसायनशास्त्र शिकवलं होतं. डाग पडले तर काढून देऊ, पण पावसाआधी लावलेलं बरं, असं ते दोनदा म्हणाले. बापूसो, माझे यजमान, त्यांना हसत म्हणाले, "बाईंनी उत्तर दिलंय, लालासाब. आता फेरतपासणी न्हाई."

जुलैत नळाजवळच्या सांध्यांत शेवाळ धरलं. आम्हा जैनांचा चातुर्मास लागला होता. ॲसिड तर सोडाच, बापूसोंनी ते खरवडूही दिलं नाही. जीव आहे त्यात, म्हणाले. त्यावर पाय पडू नये म्हणून ते भिंतीला धरून कडेनं जायचे. ऑगस्टमध्ये एका सकाळी मंदिराला निघताना तसेच कडेनं गेले. तिथल्या ब्लॉकवर डोळ्यांना न दिसणारा पातळ थर होता. पाय घसरला, खुब्याचं हाड मोडलं. दवाखान्यात बारा दिवस होते.

या एप्रिलमध्ये लालासाबना मी फोन केला. शेवाळ वाळून काळं पडलं होतं, नुसत्या ब्रशनं निघालं. त्यांनी सांध्यांत वाळू भरली, काल सीलरचा पहिला हात मारला. आज दुसरा हात चालू असताना मी पायरीवर उभी होते.

"लालासाब, गेल्या वर्षी लावलं असतं तर शेवाळ आलं असतं का?"

रोलर थांबला. त्यांनी नळाकडं पाहिलं.

"आलं असतं की, बाई. शेवाळाला काय, सीलरवरबी येतंय. तुमचं बरोबर हुतं."

सकाळी ते यायच्या आधी मी नळाजवळ, कालच्या सीलरवर चमचाभर पाणी टाकून पाहिलं होतं. पाच मिनिटं ते तसंच वर राहिलं. फडक्यानं टिपून घेतलं तेव्हा खालचा सांधा कोरडा होता.

वर्गात चुकीचं उत्तर मी कधी तसंच सोडलं नव्हतं.

"बरं," मी म्हणाले.

ते पुन्हा रोलर फिरवू लागले. नळापाशी पोचले, तेव्हा मी आत गेले.