बाकीच्या चक्क्या थांबल्यावर

"आधी चक्कीचं ऐकायचं, मग माणसांचं," बाबा सांगायचे. "माणूस घाबरला की काहीही बोलतो. चक्कीला ते जमत नाही."

हे ते माझ्या थोरल्या भावाला, साइमेनला सांगत असायचे. मी तिथेच पायरीवर बसून जवस निवडत असे, म्हणून माझ्याही कानात राहिलं. पुढे पवनचक्की साइमेनकडे आली आणि माझ्या वाट्याला पर्यटकांची बस आली. एकोणीस वर्षं झाली, सकाळी साडेआठला मी माणसं घेते, नदीकाठच्या चक्क्या दाखवते, मग चीज करणारं खेडं, मग आमचं मासेमारांचं बंदर, आणि संध्याकाळी त्यांना परत नेऊन सोडते. निघण्याआधी चर्चमध्ये मरियामातेपुढे एक मेणबत्ती लावायची आणि जपमाळेचे दहा मणी म्हणायचे, हा माझा नेम. तो कधी चुकला नाही.

पण या वर्षी ईस्टरपासून नेम झाला तरी निवांत वाटेना. ईस्टरच्या दिवशी मी साइमेनच्या स्वयंपाकघरात बसले होते. चुलीवर किटली शिट्टी घालत होती, इतकी की खिडकीतली मांजर उठून गेली, आणि साइमेन तिच्याकडे पाठ करून शांतपणे पावाला लोणी लावत होता.

मी उठून किटली उतरवली. त्यानं मागे वळून माझ्याकडे पाहिलं आणि त्याला कळलं की मला कळलं.

"कधीपासून?" मी विचारलं. त्याला दिसावं म्हणून ओठ नीट हलवून विचारलं.

"दोन वर्षं होतील. डावा कान गेला, मग उजवा." तो पुन्हा लोणी लावू लागला. "हाताला सगळं ऐकू येतं मला. चक्कीच्या मधल्या खांबावर पंजा ठेवला की कुठलं मुसळ हलकं पडतंय तेही सांगतो. कोणाला बोलू नकोस, ट्राइन. मंडळाला कळलं तर चालू चक्कीवर एकट्याला उभं करणार नाहीत. मग मी काय करू, तुझ्या बसमध्ये बसून चीज चाखू?"

मी बोलले नाही. मंडळ म्हणजे या काठावरच्या सगळ्या चक्कीवाल्यांचं, परवाने देणारं. मी देवाला सांगितलं. साइमेनचे कान बरे होईपर्यंत गोड खाणार नाही असं व्रत घेतलं. देवाला सांगितलं म्हणजे सांगण्याचं काम झालं, असं मी स्वतःला समजावत राहिले.

त्या दिवशी ऑगस्टचा शेवटचा आठवडा होता. हवा दाटलेली, अंगाला कपडे चिकटत होते. बसमध्ये दक्षिणेकडच्या एका गावाचं भजनी मंडळ होतं, चर्चमध्ये गाणारी बावीस म्हातारी माणसं. त्यांच्या पुढारीण नेलिसनबाई, वय ब्याऐंशी, हातात लाकडी मुठीची लांब काळी छत्री. ड्रायव्हर बाउके सगळ्यांना वाटून उरलेलं मधाचं बिस्किट माझ्यापुढे नाचवत होता.

"घ्या ट्राइनबाई. देव इतका बारीक हिशेब ठेवत नाही."

"ठेवतो. तू समोर बघून गाडी चालव."

"व्रत आहे का?" नेलिसनबाई मागून म्हणाल्या. "नवऱ्यासाठी?"

"भावासाठी."

"मग बरं. नवऱ्यासाठी मी एकदा चाळीस दिवस कॉफी सोडली होती. काही फरक पडला नाही, उलट माझंच डोकं दुखलं."

सगळे हसले. मीही हसले. खिडकीतून पश्चिमेकडे पाहिलं तर आभाळाच्या कडेला शाईचा बोळा पिळल्यासारखी एक रेघ होती. वारा आग्नेयेचा होता, मंद. काठावरच्या सातही चक्क्या सारख्या तोंडानं फिरत होत्या. म्हटलं, सातजण आभाळ बघतायत, आपण कशाला बघायचं.

आमची चक्की जवसाच्या तेलाची. खाली लांबट खोलीत दोन उभे दगड फिरतात, जवस भरडतात, आणि शेजारी ओळीनं लाकडी मुसळं पडतात. वर शिडी चढून गेलं की चक्कीभोवती गोल सज्जा. पाती त्या सज्ज्याच्या कठड्याला जवळजवळ घासून जातात, म्हणून पात्यांच्या बाजूला साखळी लावलेली असते. सज्ज्याला समोरासमोर दोन दारं. पाती एका दारासमोर असली तर माणसानं दुसऱ्यातून निघावं.

साइमेन दगडांपाशी उभा होता, पंजा मधल्या खांबावर. आम्हाला पाहून मान हलवली. तो आता सगळ्यालाच मान हलवत असे. मी माहिती सांगू लागले, पण मुसळांच्या आवाजात कोणाला काय ऐकू येणार. मग त्या मंडळींना गंमत सुचली. धाड धाड, धाड धाड असा मुसळांचा ठेका धरून त्यांनी आपल्याकडचं कापणीचं गाणं सुरू केलं. बावीस जोडी पाय फळ्यांवर आपटू लागले. साइमेनलाही ते तळव्यातून कळलं असणार, तो गालातल्या गालात हसला.

दुसऱ्या कडव्याला गाणं जरा जलद झालं. तिसऱ्याला आणखी. एक आजोबा हसत म्हणाले, "अहो, दम घ्या, आपण काय लग्नात नाचतोय का!" कोणीतरी उत्तर दिलं, "मी नाही, ती मुसळंच पळतायत."

मी मुसळांकडे कान दिला. ती खरंच पळत होती.

मी दाराशी गेले. बाहेर उजेड पिवळट झाला होता. काठावर पाहिलं. पहिली चक्की थांबलेली. दुसरी थांबलेली, पात्यांवरची कापडी शिडं गुंडाळलेली. तिसरीवर माणूस शेवटचं शीड घाईनं उतरवत होता. सहाच्या सहा चक्क्या हात पसरून गप्प उभ्या होत्या आणि फिरत होती ती फक्त आमची, चारही शिडं भरून. पलीकडच्या सज्ज्यावरून कोणीतरी भोंगा वाजवत होतं. बाउके बसपाशी उभा राहून दोन्ही हात हलवत होता. भोंगा किती वेळ वाजत होता कोण जाणे. गाण्यात आम्हाला ऐकू आला नव्हता, आणि ज्यानं गाणं असो नसो ऐकायला हवा होता त्याला तो ऐकूच येणार नव्हता.

"साइमेन!" मी म्हटलं. माझा आवाज मुळात लहान. आयुष्यभर लोक मला म्हणत आले, ट्राइन, जरा मोठ्यानं. तो माझ्याकडे पाहून हसला आणि मान हलवली. खोलीत अंधारून आलं होतं, माझे ओठ त्याला दिसत नव्हते. त्याचा पंजा खांबावरच होता, पण बावीस माणसांच्या नाचात त्या खांबाला काय सांगता येणार होतं?

मी धावत जाऊन त्याचा हात खांबावरून ओढला आणि त्याचं तोंड दाराकडे वळवलं.

त्यानं त्या सहा थांबलेल्या चक्क्या पाहिल्या. इतका पांढरा पडलेला चेहरा मी फक्त बाबांच्या शेवटच्या दिवशी पाहिला होता.

"बाहेर काढ सगळ्यांना," तो म्हणाला आणि शिडीकडे पळाला.

लोकांना बाहेर काढणं जड गेलं नाही. गाणं आपोआप बंद पडलं होतं. मुसळं आता ठेका धरण्याच्या पलीकडे गेली होती, एक आवाज संपायच्या आत दुसरा पडत होता, आणि फळ्यांच्या फटींतून पीठ उडत होतं. मी दारात उभी राहून माणसं मोजली. वीस. एकवीस.

"नेलिसनबाई कुठे आहेत?"

"त्या वर गेल्या," ते आजोबा म्हणाले. "फोटो काढायला. मघाशीच."

मी शिडी चढले. वरच्या मजल्यावर जळक्या लाकडाचा वास होता. साइमेननं ब्रेक लावून पाहिला होता. इतक्या वेगात ब्रेक दाबून धरला तर लाकडावर लाकूड घासून ठिणग्या पडतात, आणि आमच्या चक्कीची एकेक फळी दोनशे वर्षं तेल प्यालेली आहे. त्यानं ब्रेक सोडून दिला असणार. आता एकच उपाय उरला होता, चक्कीची टोपी, म्हणजे वरचं फिरतं छप्पर, पात्यांसकट वाऱ्याच्या तोंडातून बाजूला फिरवायची. मी दारातून डोकं काढलं तेव्हा तो तेच करत होता. माझ्याकडे पाठ, टोपीला मागून जोडलेल्या शेपटाच्या टोकाच्या चाकावर पूर्ण भार टाकून, एकेक दांडा पायानं खाली दाबत.

आणि नेलिसनबाई सज्ज्याच्या त्याच बाजूला होत्या जिकडे पाती सरकत होती.

त्या कठड्याला चिकटून उभ्या होत्या, दोन्ही हातांनी लाकूड धरून. छत्री बगलेत. त्यांच्यापासून पाचसहा हातांवर ती पाती वरून खाली येत होती, एक, दुसरं, तिसरं, आणि प्रत्येक वेळी हवेचा तडाखा माझ्या तोंडावर बसत होता. साइमेननं आणखी एक दांडा दाबला. टोपी कुरकुरली. पाती वीतभर त्यांच्याकडे सरकली.

"साइमेन, थांब!"

वारा आता पश्चिमेकडून आला होता, पावसाचे थेंब आडवे मारत होते. मी पुन्हा ओरडले. माझ्या घशातून एवढा आवाज कधी निघाला नव्हता. तो चाकावर वाकलेलाच होता. त्याच्याकडे धावत जावं तर सज्ज्याला वळसा घालून जावं लागणार, तेवढ्यात बाईंचं काय होईल?

दारापासून त्यांच्यापर्यंत दहा पावलं असतील. मी भिंतीला पाठ घासत गेले. जपमाळेतलं नमो मरिये म्हणायला सुरुवात केली आणि पुढचे शब्द आठवेनात. एकसष्ट वर्षांत पहिल्यांदा. तेवढेच दोन शब्द पुन्हा पुन्हा म्हणत राहिले.

"बाई, हात सोडा."

"सुटत नाहीत," त्या अगदी साध्या आवाजात म्हणाल्या. "मी मघापासून सांगतेय त्यांना."

मी त्यांची बोटं एकेक करून उचलली. करंगळी, मग शेजारचं. तिकडे दांडा दाबला गेला, पाती आणखी सरकली. उजवा हात सुटला. डाव्या हाताच्या अंगठीत लाकडाची ढलपी अडकली होती. मी ओढलं, त्यांचं कातडं निघालं, त्या ओरडल्या नाहीत. मग मी त्यांना कमरेला धरून मागे खेचलं आणि आम्ही दोघी फळ्यांवर आपटलो. बगलेतली छत्री निसटून कठड्याशी गेली. मी त्यांना बाहीला धरून फरफटत दाराशी आणलं. मागे एकच आवाज झाला, काटकी मोडल्यासारखा. छत्री नव्हतीच. एक काळं चिंधूक वर उडालं आणि नदीकडे गेलं.

पाती वाऱ्याबाहेर गेली तशी हळू होत गेली. मग साइमेननं ब्रेक लावला. सगळं थांबल्यावर पावसाचा आवाज केवढा मोठा वाटला.

तो वळला तेव्हा त्याला आम्ही दोघी दारात बसलेल्या दिसल्या, आणि कठड्यात अडकलेली छत्रीची लाकडी मूठ दिसली.

खाली बाउकेनं बाईंच्या बोटाला पट्टी बांधली. त्या चहा पीत म्हणाल्या, "छत्री जुनीच होती. पण पुढच्या वेळी ठेका मी धरीन हो, तुमच्या मुसळांवर माझा विश्वास नाही."

साइमेन मागच्या पायरीवर बसला होता. मी त्याच्या समोर जाऊन बसले, त्याला तोंड दिसेल अशी.

"तू मला हाक मारलीस?" त्यानं विचारलं.

"मारली."

"किती वेळा?"

"मोजलं नाही."

त्यानं तळहात गुडघ्यांवर पालथे ठेवले. "मंडळाच्या अध्यक्षबाईंना आजच नदीपलीकडे जाऊन सांगायला हवं. मी गेलो ना, तर नदी ओलांडेपर्यंत मला एखादी सबब सापडेल. हवा अचानक फिरली म्हणेन, आणि ते खोटंही नसेल. तू जा, ट्राइन. पण वचन दे, काही कमी करून सांगणार नाहीस."

"छत्रीचंही सांगू?"

"छत्रीचं आधी सांग."

"देते वचन," मी म्हटलं. "आणि मी ईस्टरपासून गप्प होते, तेही सांगेन."

"ते कशाला?"

मी चक्कीच्या किल्लीसाठी हात पुढे केला. त्यानं मान खाली घातली. त्यानं किल्ली खिशातून काढून माझ्या हातात दिली आणि माझी बोटं तिच्यावर मिटली. चक्कीचं दार मी लावलं. ते लावताना तो पाहत नव्हता.

बाउकेला मी मंडळींना घेऊन बंदराच्या गावाला जायला सांगितलं, जेवणाची वेळ होत आली होती. "आणि तुम्ही?" त्यानं विचारलं. मी नदीपलीकडे बोट दाखवलं.

पाऊस ओसरला होता. मी डोक्याला रुमाल बांधला, किल्ली आतल्या खिशात ठेवली आणि बांधावरून होडीच्या धक्क्याकडे चालू लागले.