शिडी आणि तिची काचेची जाऊ

मी शिडी आहे. माळ्यावरचे डबे काढायला भिंतीला टेकवतात ती नव्हे. मी विमानाची शिडी. ट्रकच्या पाठीवर बसवलेली, एकवीस पायऱ्यांची, दोन्ही बाजूंना कठडे आणि वर डोक्यापुरतं छप्पर. विमान येऊन उभं राहिलं की हळूच जाऊन त्याच्या दाराशी टेकायचं, माणसं उतरली की मागं सरायचं, एवढंच माझं काम. पण ज्या घरात चूल एकच बाई पेटवते त्या घरात तिला मान असतो ना, तसा मान मला होता. माझ्यावाचून कुणाचं पाऊल जमिनीला लागत नव्हतं.

माझा जन्म एका कारखान्यात झाला. ज्यानं मला जोडलं तो शेवटी माझ्या मधल्या पायरीवर चढला आणि तीनदा दाणदाण उडी मारून म्हणाला, "जा बाई, टिकशील." तो आशीर्वाद समजून मी निघाले.

इथं विमानतळावर मला मिळाले दादा. माझे चालक. वयानं मोठे म्हणून सगळेच त्यांना दादा म्हणत, अगदी साहेबसुद्धा. सकाळी आले की जुन्या सुती फडक्यानं माझे कठडे पुसायचे. गाडी सुरू करण्याआधी माझ्याभोवती एक पूर्ण फेरी मारायचे, चाकं बघायचे, मगच बसायचे. विमानाजवळ गेलो की मुंगीच्या पावलानं. "विमानाची कातडी बाळाच्या टाळूसारखी असते," ते म्हणायचे. "खरचटली की दिवसभर उडत नाही."

मग वरचं दार उघडायचं आणि माणसं यायची. काय एकेक तऱ्हा असते माणसांची. पहिल्या पायरीवर पाय टाकायच्या आत खिशातला फोन बाहेर. बायका एका हातानं कपडे सावरायच्या, दुसऱ्या हातानं नवऱ्याला सावरायच्या. लहान मुलं पायऱ्या मोजायची आणि दर वेळी वेगळा आकडा यायचा. एकालाही पडू द्यायचं नाही, हा वसा मी घेतला होता आणि आजवर टाकला नाही. देवाच्या कृपेनं माझ्यावरून कुणी घसरलं नाही.

मग ती आली.

तीन वर्षांपूर्वी इमारतीच्या भिंतीतून एक लांबलचक बोगदा बाहेर काढला. काचेच्या भिंती, आत गारवा, पायाखाली मऊ गालिचा, पोटाखाली दोन मोठी चाकं. इमारतीच्या दारातून माणूस निघाला की ऊन नाही, वारा नाही, थेट विमानात. लोक त्याला ब्रिज म्हणतात. मी मात्र मनातल्या मनात तिला धाकटी जाऊच म्हणते. आली त्याच दिवशी घरच्या किल्ल्या तिच्या कमरेला गेल्या. साहेबांनी तिच्यासोबत उभं राहून फोटो काढले. माझ्यासोबत तर कधी कुणी उभंसुद्धा राहिलं नव्हतं, सगळे चढले नाहीतर उतरले.

मला उभं केलं तिच्याच शेजारी, लाल रेषेच्या बाहेर. ती वळते तेव्हा तिच्या चाकांना मोकळी जागा लागते, तेवढी जागा लाल रेषेनं आखलेली असते. त्या रेषेच्या आत कुणी यायचं नाही. मी बाहेर उन्हात, ती आत गारव्यात. बारकं एखादं विमान लांब उभं राहिलं तर मला बोलावणं यायचं, नाहीतर दिवसदिवसभर मी तिच्याकडे बघत बसायची. तिचं चुकावं, एकदा तरी अडावं, असं वाटायचं. असं वाटू नये हे मला कळतं. पण मन काही पायरी नव्हे, एका जागी राहायला.

आता उशिराचं सांगते, कारण आमचं सगळं जग त्याच्यावरच चालतं.

विमान उशिरा सुटलं की एक कागद भरतात. प्रत्येक मिनिटाला आईबाप लागतो. इंधनवाले किती, सामानवाले किती, साफसफाई किती, शिडी किती. आणि कागद निघाला की जो तो म्हणतो, हे लेकरू आमचं नव्हे. हा कागद भरते मिनिटवाली ताई. गळ्यात वायरलेस, हातात घड्याळ, आणि कुणाला जेवायलासुद्धा "सात मिनिटं आहेत तुमच्याकडे" म्हणून पाठवणारी. मनानं मात्र लोण्यासारखी. तीच एकदा दादांना सांगत होती, "हे विमान दिवसात सहा गावं करतं, दादा. सकाळी पहिल्या गावी धुकं पडतं, आणि शिव्या खातात संध्याकाळी सहाव्या गावातले."

दादांना स्वतःला एकच काळजी होती, त्यांचा पास. विमानांच्या आवारात गाडी चालवायला पास लागतो. चूक झाली की साहेब त्याला एक भोक पाडतात. तीन भोकं झाली की पास रद्द, आवारात चाक फिरवायचं नाही. दादांच्या पासाला दोन भोकं होती. एक वेगाचं, आजारी बाईला उतरवायला धावले होते तेव्हाचं. दुसरं माझ्या चाकाखाली ठोकळा लावायचा राहिला त्याचं. निवृत्तीला चार वर्षं होती आणि घरी अंथरुणाला खिळलेली आई होती. "ही चार वर्षं तेवढी भोकाशिवाय जाऊ देत," असं ते माझे कठडे पुसताना पुटपुटायचे. ऐकायला मी आणि वर देव, दोघंच.

त्या दिवशी दुपारी त्यांनी मला जागेवर आणून लावलं. तेवढ्यात हाक आली की चाकाच्या खुर्चीची लिफ्ट अडकलीय, या जरा. त्यांनी ठोकळा लावला आणि धावले. मागं वळून बघायचं राहिलं. माझं मागचं टोक लाल रेषेच्या आत होतं, हातभर.

मला कळलं होतं. मी मुकी आहे, पण खरं सांगते, बोलता आलं असतं तरी मी गप्पच बसले असते. त्या हातभर जागेतून मला तिचं आतलं सगळं दिसत होतं. गालिचा, दिवे, भिंतीवरची चित्रं. हक्कानं बसावं तशी मी तिच्या अंगणात बसले होते.

विमान आलं. सकाळी कुठल्याशा गावी धुकं होतं म्हणून पंचेचाळीस मिनिटं उशिरा. वर काचेच्या कोठडीत ब्रिज चालवणारा चष्मेवाला बसला होता, त्यानं कळ ओढली. जाऊबाई डौलात निघाली, वळली, आणि विमानाच्या दारापासून दोन हात अलीकडे थांबली. तिच्या चाकापुढं एक दांडी असते, कशाला लागली की सगळं आपोआप बंद पडतं. ती दांडी माझ्या टोकाला लागली होती. धक्कासुद्धा नाही. समोरून कुणी आलं तर पदर सावरून उभं राहावं, तशी थांबली बिचारी. चष्मेवाल्याला वरून खालचं काही दिसेना. त्याच्यापुढं नुसता लाल दिवा. त्यानं मिस्त्रीला बोलावलं, मिस्त्रीनं पेटी उघडून तारा बाहेर काढायला सुरुवात केली.

विमानाच्या खिडक्यांत चेहरे आले. पाच मिनिटं गेली, दहा गेली. साहेब पळत आले.

"दादा कुठायत? शिडी लावा म्हणावं त्यांना, शिडी."

तीन वर्षांनी माझं नाव कुणी इतक्या घाईनं घेतलं होतं. माझं अंग शहारलं. ती अडली होती आणि मी जाणार होते.

दादा धावत आले. दाराच्या मुठीला हात घातला, आणि मग सवयीनं माझ्याभोवती फेरी मारायला निघाले. मागं आले आणि तिथंच थबकले. रेषा पाहिली, दांडी पाहिली, आणि खाली उकिडवे बसले. तिचा पाय आणि माझी पाठ यांच्या मधल्या त्या बेचक्यात त्यांच्याशिवाय कुणालाच काही दिसत नव्हतं.

मिनिटवाली ताई तिथं पोचली. "दादा, बसलात काय? विमानातल्या बावीस जणांचं पुढचं विमान आहे. वीस मिनिटांत दार बंद होतंय. एक जण वडिलांच्या ऑपरेशनला निघालाय, आतून तीनदा निरोप आला त्याचा."

"शिडी लावली तर ते आत पोचायला किती वेळ?"

"उतरणार, चालणार, पुन्हा वर चढणार. पंचवीस मिनिटं तरी. चुकणारच आहे त्यांचं. पण करणार काय, ब्रिज मेलाय ना."

"मेला नाहीये, ताई. मी त्याची वाट अडवलीय."

ताईनं वाकून पाहिलं. इकडे तिकडे नजर टाकून आवाज खाली आणला. "कोणी बघितलेलं नाही. तुम्ही गुपचूप गाडी काढा आणि दाराशी लावा. मशीन आहे, रुसतं कधी कधी."

"आणि वर मिस्त्री तारा उपसत बसलाय त्याचं काय? कारण कळल्याशिवाय तो पेटी बंद करणार नाही."

"दादा, तिसरं भोक पडेल."

"पडेल की." ते उठले. गुडघ्याला हात लावून, वेळ घेत उठले. "पास माझा आहे, पण विमान त्यांचं चुकतंय."

मला वाटलं आता ते मला विमानाकडे वळवतील. पण त्यांनी मला फक्त गाडीच्या लांबीइतकं पुढं नेलं, रेषेबाहेर, आणि ठोकळा लावला. मग कोठडीखाली उभे राहून हात तोंडाशी धरून ओरडले, "चष्मेवाले, तुमच्या चाकाला माझी शिडी लागली होती. काढलीय. मिस्त्रींना म्हणावं, तारा आत घाला आणि सोडा."

चार मिनिटांत ती पुढं सरकली आणि दाराला जाऊन भिडली. काचेच्या आत सावल्या पळत गेल्या. एका माणसाच्या हातात बूट होते, वेगानं पळता यावं म्हणून काढले असावेत. तोच असेल ऑपरेशनवाला. बावीसच्या बावीस पोचले, असं ताईच्या वायरलेसवर नंतर आलं. मी रेषेबाहेर उभी होते. मला तिचा राग येत होता आणि त्याहून जास्त दादांचा.

संध्याकाळी माझ्याच पायरीवर कागद ठेवून मिनिटं वाटायला बसले. पंचेचाळीस धुक्याच्या नावावर गेली. धुकं भांडायला येत नाही, म्हणून ते सगळ्यांचं आवडतं. राहिली अठरा. चष्मेवाला म्हणाला माझी नव्हेत. मिस्त्री म्हणाला माझी तर मुळीच नव्हेत.

"अठरा माझी," दादा म्हणाले.

ताईचं पेन वरच्यावर राहिलं. या कागदावर आजवर कुणी मिनिट मागून घेतलं नव्हतं.

साहेबांनी पास हातात घेऊन उलटसुलट केला. "तुम्ही गप्प बसला असतात तर मलाही कळलं नसतं. आता कळलंय. नियम काही माझ्या घरचा नाही, दादा." आणि त्यांनी भोक पाडलं. बारीकसा आवाज झाला, वाटाण्याची शेंग फुटल्यासारखा.

दादांनी खिशातून फडकं काढलं आणि माझा कठडा पुसायला लागले, पुसलेलाच पुन्हा पुन्हा.

तेव्हा ताई साहेबांना म्हणाली, "आवारात गाडी चालवायची नाही एवढंच ना? ब्रिजच्या कोठडीत दुसरा माणूस हवाय म्हणून तुम्हीच मागच्या महिन्यात वर लिहिलंत. तिथं गाडीचा पास लागत नाही."

साहेबांनी तिच्याकडे पाहिलं, मग दादांकडे. "खाली वाकून बघणारा माणूस तिथं असता तर आजचा तमाशा झाला नसता, हे खरं. शिकाल का, दादा?"

"शिकेन की," दादा म्हणाले, आणि तोंड फिरवून डोळे त्याच फडक्याला पुसले. घरच्या माउलीचं औषधपाणी चुकणार नव्हतं. देवानं एक दार बंद केलं न केलं तोच दुसरं उघडलं होतं. मला आनंद व्हायला हवा होता. झालाही असेल थोडा, पायरी दीड पायरी.

पण दार तिचं होतं हो. गालिचा तिचा, गारवा तिचा, चित्रं तिची, आणि आता माणूसही तिचाच.

मला नवा चालक मिळालाय. वाईट नाही, शीळ घालतो, ठोकळा विसरत नाही. कठडे मात्र पुसत नाही. बोलावणं आठवड्यातून एखाद्या वेळी येतं. माझ्या खालच्या पायरीला गंज धरलाय. तरी एक नेम धरला आहे, कुणाचं वाईट चिंतायचं नाही. सकाळी धरते, दुपारपर्यंत मोडतो, दुसऱ्या सकाळी पुन्हा धरते. कधीतरी पुरता पाळला जाईल, अशी आशा आहे.

तुमचं विमान उशिरा आलं, तर समोर जो पहिला गणवेशवाला दिसेल त्याच्यावर खेकसू नका. ती मिनिटं कुठून कुठून निघून तुमच्यापर्यंत पोचलेली असतात, आणि कुणीतरी ती आपल्या अंगावर घेतलेली असतात.

दादा ब्रिज हलवण्याआधी रोज कोठडीतून खाली उतरतात, वाकून माझ्याकडे बघतात, मग वर जातात. मी कशी आहे हे बघायला नव्हे, रेषेच्या बाहेर आहे ना हे बघायला. तेवढं बघणं मी माझं म्हणून ठेवून घेते.