पडणाऱ्याचा कोट

मित्रांनो, कोपराला ठिगळ असलेला हा जुना निळा कोट, तो मीच. हातकणंगल्यातल्या एका घरात दाराआडच्या खुंटीवर मी बरीच वर्षं टांगलेला आहे.

१९९३ साली कोल्हापुरात सयाजी शिंप्यानं एकाच ताग्यातून दोन कोट शिवले. माझा जुळा भाऊ सिनेमाच्या नायकासाठी आणि मी प्रसेनजीतसाठी. नायकाच्या ऐवजी उड्या मारायच्या, पडायचं, हे प्रसेनजीतचं काम. भावाला रोज इस्त्री व्हायची, मला मुद्दाम मातीत लोळवत. पण प्रसेनजीत अंगात घालण्याआधी मला हळूच झटकायचा. तेवढ्यानंही मला बरं वाटायचं.

शेवटचा प्रसंग गगनबावड्याच्या घाटात होता. नायक कड्यावरून पडतो आणि पुन्हा उठतो. खाली रिकामी खोकी रचली होती. प्रसेनजीतनं पायानं दगड चाचपला.

"आण्णा, लई निसरडं हाय. उद्या करूया की."

आण्णा म्हणजे दिग्दर्शक. ते हसले. "अरं, हिरोला काय हुतंय? त्यो मेला तर पिक्चरच संपला की!"

प्रसेनजीतनं उडी घेतली. पाय सरकला आणि तो खोक्यांच्या पलीकडे खडकावर आदळला. माझं कोपर फाटलं, त्याचा गुडघा फुटला. त्याची किंकाळी मी त्याच्या छातीला चिकटून ऐकली. त्याला उचलून बाजूला निजवलं. मग माझा भाऊ घातलेला नायक त्याच जागी आडवा झाला, उठला आणि धूळ झटकून चालू लागला.

मला कुणी परत मागितलं नाही.

घरी प्रसेनजीतनं आईला, सोनूबाईला, जिन्यावरून पडलो असं सांगितलं. सिनेमा लागला तेव्हा तो मला घालून, काठी टेकत तिला घेऊन गेला. कडा आला. पडद्यावर निळा कोट हवेत झेपावला. मागच्या रांगेतल्या पोरीनं घाबरून विचारलं, "बाबा, मेला का त्यो?"

"हिरो हाय त्यो, मरतोय कशाला!"

नायक उठला. शिट्ट्या वाजल्या. अंधारात सोनूबाईनं माझी बाही घट्ट धरली.

"पडलास त्यो तूच न्हवं? पाठ वळखत न्हाय व्हय मी?"

तिनं पुढचा सिनेमा पाहिला नाही. त्याच्या गुडघ्यावर हात ठेवून बसून राहिली. घरी आल्यावर तिनंच मला हे ठिगळ लावलं.

त्यानंतर त्यानं मला कधी घातलं नाही, टाकूनही दिलं नाही. २००४ साली सोनूबाई गेली. घरात तो आणि मी, दोघंच उरलो. दोन वर्षांनी तो सिनेमा टीव्हीवर लागला. शेजारची मुलं त्याच्याच घरी बघायला जमली. कडा येण्याआधी प्रसेनजीत उठला आणि लंगडत बाहेर गेला. मुलांनी टाळ्या वाजवल्या. तो कुठे गेला, हे कुणी वळूनही पाहिलं नाही. खुंटीवरून मला सगळं दिसत होतं, पण मला हाक मारता येत नाही.

मित्रांनो, नायकासाठी टाळ्या जरूर वाजवा. त्याची काळजी गोष्ट घेते. पण असा एखादा माणूस मधूनच उठून गेला, तर तुम्हीही उठा. तो बाहेर ओट्यावर एकटाच असेल. काही विचारू नका. नुसतं त्याच्या शेजारी जाऊन बसा.