वाघजाईचा कौल

दसऱ्याला म्हशी धुवून झाल्या नि आमची सासू सगुणा पदर खोचून अंगणात उभी. "ढोल उचला रे! वाघजाईम्होरं गजाचा नाच करायचा!"

"अगो आत्ये, तिकडं बंदी हाय!" मी म्हटलं.

"बंदी गेली खड्ड्यात!"

रान आमचंच हो! आमचे गोठे, आमच्या चुली सगळ्या वर सड्यावर, डोंगराच्या सपाट माथ्यावर. पण गोऱ्या सायबाच्या शिकारीसाठी सरकारनं ते राखीव केलं नि आम्हा धनगरांना खाली हाकललं. देवी तेवढी वर राहिली. ज्याची काठी त्याची म्हैस म्हणतात. म्हशी आमच्या, पण काठी सरकारची!

रानाच्या तोंडाशी राखणदार भागोजी आडवा आला. लांज्याकडचा कुणबी, माणूस भला, पण अंगात खाकी. "म्हातारे, माघारी फीर. सायबाला कळलं तर माझी भाकर जाईल."

"बरा बाबा. देवीलाच इचारू. उजवी पाकळी पडली तर नाचू, डावी पडली तर गुमान जातंव."

देवीच्या कौलाला नाय म्हणायची कुणाची छाती? भागोजी मुकाट आमच्याबरोबर वर आला.

सासूनं दगडाला झेंडूच्या दोन पाकळ्या चिकटवल्या, गाऱ्हाणं घातलं. चिकटवलेलं पाणी सुकलं की पाकळी पडते, तोच कौल; तो होईस्तोवर जागा सोडायची नाही, ही रीत. पण पाकळी पडेल तर शपथ!

"रिकामी बसून देवी कंटाळंल गो," सासू म्हणाली, नि ढोल कडाडला. बाप्यांचे झगे फिरले, गवत आडवं झालं. मी फुगडीत अशी गरगरले की सगळा सडाच माझ्याभवती फिरायला लागला. सासूनं जुन्या चुलीची माती कपाळाला लावली, हसता हसता रडली, परत नाचली. भागोजी आधी रागानं पाय आपटत होता, मग तालावर आपटायला लागला.

दिवस कलला. पाकळ्या जिथल्या तिथं. भागोजी उठला, पाकळीला बोट लावलं नि चाटलं.

मध!

 सासू आभाळातले बगळे बघायला लागली.

भागोजीनं बोट खाकीला पुसलं. मग मोठ्यानं म्हणाला, "देवी रुसलीय. आज काय बोलत नाय."

"मग रे?" सासूनं विचारलं.

"मग काय? पुढल्या दसऱ्याला परत इचारायला या."

खाली उतरताना सासूच्या कानाशी वाकला. "म्हातारे, मध जरा कमी लाव गो. देवीला मुंग्या लागल्यात."