चौऱ्याऐंशी नंबरची बाई

आमच्या कस्तुरीने मेडिकलचं तिसरं वर्ष सोडून इतिहास घेतला, तेव्हापासून आमच्या ह्यांनी तिच्या कामाबद्दल एक शब्द विचारला नव्हता. आठ वर्षं! लंडनजवळच्या पिनरमध्ये जीपी, म्हणजे फॅमिली डॉक्टर म्हणून जन्मभर जगाची दुखणी ऐकणारा माणूस, पण लेकीपुढे तोंडाला कुलूप. आणि लेकही ह्यांच्याच वळणावर गेलेली.

२००७ साल होतं. ब्रिटनमध्ये गुलामांचा व्यापार बंद होऊन दोनशे वर्षं झाली म्हणून जिथे तिथे प्रदर्शनं भरत होती. कस्तुरीला ती काम करायची त्या म्युझियमसाठी एका गुलामांच्या जहाजावरच्या डॉक्टरची रोजनिशी मिळाली होती. त्यात आफ्रिकन माणसांना नावं नव्हती, नंबर होते. एकेका नंबरामागचं माणूस शोधायचा तिने ध्यास घेतला होता. चौऱ्याऐंशी नंबरच्या बाईचा बोर्ड सोमवारी छापायला जायचा होता. ‘हिने अन्न नाकारून बंड केलं’ असं त्यावर लिहिलं होतं, पण रोजनिशीतल्या एका ओळीचं अक्षर काही केल्या लागत नव्हतं.

रविवारी ती फोटोकॉपी घेऊनच जेवायला आली.

“बाबांना दाखव की,” मी म्हटलं.

“नको गं आई.”

मग मीच तो कागद ह्यांच्या चहाशेजारी ठेवला. ज्यांचं प्रिस्क्रिप्शन वाचता येत नाही म्हणून केमिस्ट फोन करायचे, त्यांना दुसऱ्या डॉक्टरचं अक्षर नाही लागणार तर कुणाला लागणार?

ह्यांनी चष्मा चढवला. चहा गार झाला.

“जेवत नाही. ताप. दोन्ही स्तन दगडासारखे,” ते वाचत गेले आणि एकदम थांबले. “अगं, ही बाळंतीण आहे. दूध साठलंय. बाळ कुठाय?”

“बाबा, माझ्या लिस्टमध्ये बाळच नाहीये.”

“आधीची पानं दे.”

चार दिवस मागे, पानाच्या कडेला सापडलं. तान्ही मुलगी, आज गेली. नंबर नाही.

“बाळांना ते नंबर देत नव्हते,” कस्तुरी रडवेली झाली. “मी मिस केलं. मी तिला हीरो बनवत बसले, आणि तिचं बाळ...”

ह्यांचा हात तिच्या पाठीवर गेला. मी उगाचच कप उचलले.

“बंडही केलं असेल. आपल्याला ठाऊक नाही,” हे म्हणाले. “ठाऊक आहे तेवढं लिही. तिला मुलगी होती.”

मग त्यांनी स्वतःच पुढची पानं चाळली. ताप उतरला का, एवढंच बघायचं होतं त्यांना. अकराव्या दिवशी उतरला होता. जमैकाला ती जिवंत पोचली होती, विकली जायला. त्यापुढे रोजनिशी गप्प होती.

कस्तुरीने बंडाचं वाक्य खोडलं आणि तिच्या यादीत बिननंबरी एक ओळ वाढवली. ती दारात कोट घालत होती तेव्हा हे मागून आले.

“बाकीच्यांचे कागद कधी आणतेस?”

“शनिवारी?”

“सकाळीच ये. प्रत्येकाला वेळ द्यावा लागेल.”